'आफ्रिकन डायस्पोरा'साठी मराठी शब्द: स्थलांतरित, परागंदा की देशोधडीला लावलेले?

प्रश्न
मारिया माग्दालेना काम्पोस-पोन्स (जन्म १९५९, क्यूबा) या कलावतीवर दिवाळी अंकासाठी लेख लिहिते आहे. चित्रं, छायाचित्रं, काचेची शिल्पं, व्हिडिओ, सादरीकरण असं सगळंच त्या करतात. २०२३मध्ये त्यांना अमेरिकेतली मानाची मॅकआर्थर फेलोशिप मिळाली. 'आफ्रिकन डायस्पोरा'साठी मी 'स्थलांतरित आफ्रिकी समाज' लिहिलंय, पण मनाला पटत नाही. आणि 'मल्टिडिसिप्लिनरी आर्टिस्ट'ला 'बहुविद्याशाखीय कलाकार' चालेल का?

प्रतिसाद
'परागंदा' कसा वाटतो? मूळ फारसीत त्याचा अर्थच 'विखुरलेला'. ग्रीक 'डायस्पोरा'तही विखुरणंच आहे.

प्रतिसाद
मूळ अर्थ जुळतो, पण आज मराठीत परागंदा होतो तो स्वतःहून गाव सोडलेला माणूस. डोक्यावर कर्ज झालं किंवा वॉरंट निघालं, की परागंदा. इथे आफ्रिकेतली सुमारे सव्वा कोटी माणसं गुलाम म्हणून बेड्या घालून जहाजांत कोंबली गेली. काम्पोस-पोन्स यांचे योरुबा पूर्वज असेच नायजेरियातून क्यूबाच्या उसाच्या मळ्यांवर आणले गेले. क्यूबात गुलामगिरी उठली ती १८८६ साली, आणि या बाईंचं बालपण मातान्सास प्रांतातल्या ला व्हेगा गावी, जुन्या गुलामांच्या बराकीत गेलं. याला 'स्थलांतर' म्हणणं मला अन्यायाचं वाटतं.

मी 'देशोधडीला लावलेले' लिहीन. 'लागलेले' नाही, 'लावलेले'. एका अक्षराच्या फरकात लावणारा समोर येतो.

प्रतिसाद
पूर्वजांपुरतं मान्य. पण त्यांच्या पणतवंडांनाही देशोधडीला लावलेलेच म्हणायचं? त्यांनी तिथे घरं उभी केली, योरुबा देव सांतेरिया या क्यूबातल्या धर्मपंथात जपले. शिवाय काम्पोस-पोन्स यांचे काही पूर्वज चिनी, तेही उसाच्या धंद्यासाठीच आणलेले, पण करारावर. आपल्याकडचा 'गिरमिट' (मजुरीच्या 'अ‍ॅग्रीमेंट'वरून आलेला शब्द) त्यांना लागू पडेल.

आपल्या इथलंच बघा. मलिक अंबर गुलाम म्हणून विकला गेला आणि निजामशाहीचा वजीर झाला. जंजिऱ्याच्या सिद्दींनी तर राज्य केलं. जुन्या कागदांत त्यांना 'हबशी', 'सिद्दी' म्हटलंय, म्हणजे कुठले, कोण ते सांगितलंय. म्हणून पूर्वजांसाठी 'देशोधडीला लावलेले', आजच्या समाजांसाठी 'आफ्रिकी वंशाचे', आणि संकल्पना म्हणून 'डायस्पोरा' सरळ देवनागरीत ठेवा.

प्रश्नकर्ती
हे जमेल. त्यांच्या १९९८च्या एका मांडणीचं (इन्स्टॉलेशनचं) वर्णन करते आहे: इस्त्रीचे उभे लाकडी फळे, त्यांवर घरातल्या बायकांची छायाचित्रं, आणि ओतीव काचेच्या इस्त्र्या. घराण्यातल्या बायका दुसऱ्यांच्या घरी धुणं-इस्त्री करायच्या. इथे 'स्मृती' लिहू की 'आठवण'?

प्रतिसाद
दोन्ही लागतील. आईच्या हातातली इस्त्री ही त्यांची आठवण. जहाजातला प्रवास त्यांनी पाहिलेला नाही, तो सांगोवांगी आणि देवाधर्मातून आलाय, तिथे 'स्मृती'. त्यांच्या एका छायाचित्रमालिकेचं नाव अर्धं इंग्रजी, अर्धं स्पॅनिश आहे, 'मी इथे नसते तेव्हा तिथे असते' अशा अर्थाचं. ते नाव लेखात जरूर घ्या.

'बहुविद्याशाखीय' मात्र नको, तो विद्यापीठाच्या परिपत्रकातला शब्द. 'अनेक माध्यमांत काम करणारी कलावंत' लिहा, आणि पुढे माध्यमांची नावं द्या.