मदत हवी आहे : मुलाखतीचा आवाज आणि चित्र जुळत नाही

नमस्कार. वडोदऱ्याच्या रावपुऱ्यातील तांबेकर वाड्यात १९व्या शतकातील जी भित्तिचित्रे आहेत, त्यांवर आम्ही तिघे जण १५ मिनिटांचा माहितीपट करीत आहोत. लहानपणी वाड्यात जाणे-येणे असलेल्या एका आजींची ४० मिनिटांची मुलाखत आम्ही मोबाइलवर चित्रित केली आणि आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर घेतला. सुरुवातीला टाळी वाजवून दोन्ही जुळवले होते, तरी शेवटाकडे ओठ आणि शब्द यांत जवळजवळ एका सेकंदाचे अंतर पडते. मोबाइलचा फ्रेम रेट (सेकंदाला टिपल्या जाणाऱ्या चित्रचौकटींची संख्या) मध्येच बदलत राहिल्याने हे झाले असावे. अशा वेळी संपूर्ण चित्रण आधी सेकंदाला २५ फ्रेम या स्थिर गतीत आणावे, की आवाजच विरामांच्या जागी कापून तुकड्यातुकड्याने जुळवावा? मुलाखत पुन्हा घेता येईल. परंतु कृष्णाच्या चित्रांबद्दल सांगताना आजींचे बोट नकळत पदराच्या काठावर वेलबुट्टी काढू लागते, ते दुसऱ्यांदा मिळणार नाही, आणि नेमके तेथेच अंतर सर्वाधिक आहे.

वाडा भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखाली असल्याने आतील चित्रणासाठी परवानगीचा अर्जही करायचा आहे. अर्जासोबत संहिता किती तपशिलात जोडावी, हे अनुभवी मंडळींनी कृपया सांगावे.