क्लच घसरतोय की सुटत नाहीये? क्लच झिजल्याचे तुमचे अनुभव

माझ्या गाडीचा क्लच बदलून झाला आणि तरीही गिअर पडेना, म्हणून हा धागा काढतेय.

सकाळी गाडी सुरू केली की पहिला गिअर टाकायला जोर लागायचा. रिव्हर्सला तर कर्रर्र आवाज. गॅरेजमध्ये नेली, तिथे पेडल दोनदा दाबून पाहिलं आणि "प्लेट गेली" असं सांगितलं. गाडी ६२,००० किलोमीटर चालली होती, त्यामुळे मलाही ते पटलं. गिअरबॉक्स उतरला, क्लचची प्लेट, तिला दाबून धरणारी प्रेशर प्लेट, बेअरिंग सगळं नवीन पडलं. आठव्या दिवशी पुन्हा तेच. दुसऱ्या मेकॅनिकने गाडीखाली जायच्या आधी बॉनेट उघडून ऑइलची डबी पाहिली. माझ्या गाडीत ब्रेक आणि क्लचला एकच डबी आहे. पातळी खाली गेलेली. मग गिअरबॉक्सजवळचा स्लेव्ह सिलिंडर (पेडलचा दाब ऑइलमधून क्लचपर्यंत पोहोचवणारा भाग) पाहिला, तर तो ओला. सिलिंडर बदलला, लाइनमधली हवा काढली, अर्ध्या दिवसात गिअर लोण्यासारखे पडायला लागले. जुनी प्लेट मी मागून घेतली होती. तिच्यावर अर्ध्याहून जास्त लायनिंग, म्हणजे घासून पकडणारा थर, शिल्लक आहे.

तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की क्लचच्या दोन तक्रारी एकमेकींच्या अगदी उलट असतात. एकीत क्लच घसरतो, म्हणजे पाय काढला तरी तो इंजिनला पुरता धरत नाही. दुसरीत तो सुटत नाही, म्हणजे पेडल तळाला टेकवलं तरी इंजिन गिअरबॉक्सला थोडंसं फिरवतच राहतं. झिजलेली प्लेट सहसा घसरते. माझा क्लच सुटत नव्हता. हा एक प्रश्न कोणी विचारला असता तर गिअरबॉक्स उतरलाच नसता.

तुमच्या गाडीत पहिली खूण कोणती दिसली, खात्री कशी केली आणि उघडल्यावर आत काय निघालं, ते लिहा. निदान चुकलं असेल तर तेही नक्की लिहा, त्याचा उपयोग जास्त होईल.

*

माझा क्लच घसरत होता हे मला महिनाभर समजलं नाही, कारण तो फक्त पाचव्या गिअरमध्ये घसरायचा. ८० च्या वेगाने जाताना ओव्हरटेकसाठी पाय दाबला की आरपीएमचा (इंजिनाचे मिनिटाचे फेरे दाखवणारा) काटा २५०० वरून ३२०० वर उडी मारायचा आणि गाडी आहे तिथेच. पाय थोडा सैल केला की काटा परत खाली. पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये काहीच जाणवत नव्हतं, म्हणून मी क्लचचा विचारच केला नाही.

नंतर कारण कळलं. खालच्या गिअरमध्ये गाडी चटकन पुढे पळते, त्यामुळे क्लचवर ताण कमी येतो. वरच्या गिअरमध्ये इंजिन जोर लावतं आणि गाडी सहजी वेग घेत नाही, तेव्हा तो सगळा ताण प्लेटला झेलावा लागतो. म्हणून मोकळ्या, सरळ रस्त्यावर चौथ्या किंवा पाचव्या गिअरमध्ये ५०-६० च्या वेगाने जाताना एकदम पूर्ण अ‍ॅक्सिलरेटर द्यायचा. काटा आणि वेग दोन्ही हळूहळू बरोबर चढले तर क्लच धरतोय. काटा एकटाच वर गेला तर घसरतोय. चढावर आणि गाडी गरम असताना हे लवकर दिसतं.

*

वरच्या अनुभवाची दुसरी बाजू. माझ्या डिझेल गाडीचा पिकअप गेला होता आणि ओळखीतल्या तिघांनी क्लच सांगितला. मी काट्याकडे नीट पाहिलं तर काटाच चढत नव्हता. पाय तळापर्यंत दाबला तरी इंजिन आपलं संथ. क्लच घसरत असता तर इंजिन मोकळं पळालं असतं. टर्बोच्या रबरी पाइपला चीर पडली होती, तिथून हवा निसटत होती. काटा वर आणि गाडी मागे म्हणजे क्लच. दोन्ही मागे म्हणजे इंजिनाकडे बघायचं.

*

जागेवर करायच्या चाचणीबद्दल लिहितो, कारण ती अर्धवट सांगितली जाते. सपाट जागा, पुढे-मागे कोणी नाही. हँडब्रेक पूर्ण ओढायचा, उजवा पाय ब्रेकवर घट्ट. इंजिन चालू ठेवून चौथा गिअर टाकायचा आणि क्लच सावकाश सोडायचा. इंजिन धक्का खाऊन बंद पडायला हवं. पाय पूर्ण वर आला तरी इंजिन चालूच राहिलं तर प्लेटमध्ये काही उरलेलं नाही.

पण इंजिन बंद पडलं म्हणजे क्लच ठणठणीत आहे असं मात्र नाही. या चाचणीत इंजिनाचा जोर फार थोडा असतो. नुकता घसरायला लागलेला क्लच इथे पास होतो आणि चढावर नापास. माझा असाच झाला होता. आणि ही चाचणी एकदाच करा. पुन्हा पुन्हा केली तर चाचणीच प्लेट जाळते.

*

मी गेली २२ वर्षं गाड्यांचं काम करतो. गॅरेजच्या बाजूने चार गोष्टी.

गाडी आली की मी आधी मालकालाच चालवायला सांगतो आणि शेजारी बसतो. पाय क्लचवर कसा ठेवतात ते पाहिलं की अर्धं उत्तर मिळतं. गिअर बदलून झाल्यावरही डावा पाय पेडलवर टेकलेला असेल, तर पेडल दाबल्यावर क्लच सोडवणारं रिलीज बेअरिंग सतत दाबाखाली राहतं आणि प्लेटवरची पकड थोडी सैल होते. तेवढ्याने प्लेट गरम होत राहते.

आवाजाची तक्रार असेल तर न्यूट्रलमध्ये इंजिन चालू ठेवून ऐकायचं. पेडल दाबल्यावर घुर्रर्र किंवा चीं असा आवाज सुरू होत असेल तर संशय रिलीज बेअरिंगवर. उलट पाय वर असताना आवाज आणि दाबल्यावर गायब, तर बहुतेक वेळा तो गिअरबॉक्सच्या इनपुट शाफ्टच्या (इंजिनाचा जोर आत नेणाऱ्या दांड्याच्या) बेअरिंगचा असतो, क्लचचा नव्हे. हा फरक गिअरबॉक्स उतरवायच्या आधी कळला पाहिजे, कारण नंतर गिअरबॉक्स दुसऱ्यांदा उतरवायला कोणालाच आवडत नाही.

उघडल्यावर मी रिव्हेट बघतो. प्लेटचं लायनिंग रिव्हेटांनी बसवलेलं असतं आणि रिव्हेटांची डोकी लायनिंगच्या आत बुडालेली असतात. बऱ्याच गाड्यांच्या वर्कशॉप पुस्तकांत ही खोली ०.३ मिलिमीटरपेक्षा कमी झाली की प्लेट बदला असं दिलेलं असतं. त्यापुढे चालवली तर रिव्हेट फ्लायव्हील, म्हणजे प्लेट ज्याला धरते ते इंजिनाचं जड चाक, कोरतात. फ्लायव्हीलवर निळे-काळे डाग दिसले तर ती जागा फार तापली आहे. प्रेशर प्लेटच्या मधल्या पात्यांची टोकंही बघायची. बेअरिंग घासून ती खोलगट झालेली असतात.

आणि क्रँकशाफ्टचं (इंजिनाच्या मुख्य दांड्याचं) मागचं ऑइल सील. ते पाझरत असेल आणि तुम्ही फक्त प्लेट बदलली, तर नवीन प्लेटही तेलाने खराब होणार. गिअरबॉक्स उतरलेला असताना ते न बघणं ही माझ्या मते आमच्या धंद्यातली सगळ्यात वाईट चूक आहे. जुने भाग मालकाला दाखवायलाच हवेत. तुम्हीही हक्काने मागा.

*

माझी गाडी जुनी, केबलच्या क्लचची. पेडलला वरच्या बाजूला थोडी मोकळी चाल असते, फ्री प्ले म्हणतात तो. पायाऐवजी हाताने दाबून पाहिलं की तो चांगला समजतो. एका सर्व्हिसिंगनंतर पेडल "छान कडक" लागायला लागलं. दोन आठवड्यांत क्लच अगदी वर धरायला लागला, चढावर वास यायला लागला. केबल ताणून बसवली होती आणि फ्री प्ले शून्य झाला होता. म्हणजे माझा पाय पेडलवर नसतानाही पेडल किंचित दाबलेलंच होतं.

अशा गाडीत प्लेट झिजत गेली तरी फ्री प्ले आपोआप कमी होत जातो. त्यामुळे फ्री प्ले गेला असेल तर आधी अ‍ॅडजस्टमेंट, मग निदान. किती मिलिमीटर हवा ते गाडीच्या पुस्तिकेत असतं. माझी प्लेट त्यानंतर आणखी १८,००० किलोमीटर चालली.

*

लहानसाच अनुभव. गिअर पडेनासे झाले, धाग्यातल्या पहिल्या तक्रारीसारखेच. गाडी दाखवायला निघालो आणि वाकून पाहिलं तर नवीन जाड मॅट सरकून क्लचच्या पेडलखाली गेली होती. पेडल तळापर्यंत जातच नव्हतं. मॅट काढली, गिअर पडले.

*

थरथरीबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून लिहिते. पहिल्या गिअरमध्ये गाडी उचलताना पूर्ण गाडी थडथड हलायची, एकदा वेग घेतला की शांत. दोन ठिकाणी क्लच सांगितला. एका मेकॅनिकने दुसऱ्या माणसाला गाडी उचलायला सांगून स्वतः उघड्या बॉनेटजवळ, पण गाडीच्या बाजूला उभं राहून पाहिलं. क्लच धरताना इंजिन बरंच हलत होतं. एक इंजिन माउंट (इंजिन धरून ठेवणारा आधार) तुटलं होतं. ते बदलल्यावर थरथर ऐंशी टक्के गेली. उरलेली पुढच्या वर्षी क्लच उघडला तेव्हा कळली, प्लेटच्या एका कडेला तेलाचा डाग होता. दोन्ही कारणं एकाच वेळी असू शकतात हे मला तेव्हा पटलं.

*

मला सल्ला हवा आहे. गाडी १,१०,००० किलोमीटर, हायड्रॉलिक (ऑइलच्या दाबावर चालणारा) क्लच. पेडल गेल्या वर्षभरात जड झालंय. पाय जवळजवळ पूर्ण वर आला की मग क्लच धरतो. गिअर मात्र व्यवस्थित पडतात. परवा पाच माणसं आणि सामान घेऊन लांब चढ चढताना जळका वास आला. ब्रेकचा आहे असं वाटून मी हँडब्रेक तपासला, तो सुटलेला होता.

*

गिअर व्यवस्थित पडतात म्हणजे क्लच सुटतोय. वास आणि वर धरणं म्हणजे बहुधा घसरतोय. प्लेट पातळ झाली की प्रेशर प्लेटची पाती बेअरिंगच्या बाजूला कलतात आणि पेडल जड लागायला लागतं. वर लिहिलेल्या, रस्त्यावर करायच्या चाचणीने खात्री करा. तोवर ओझं घेऊन चढ टाळा.

– तोच मेकॅनिक

*

वासाबद्दल थोडं. माझ्या मुलाला गाडी शिकवताना मी हा वास ओळखायला शिकलो. कागद किंवा जुनी दोरी जळल्यासारखा, तिखट. चढावर पुढची गाडी थांबली की तो ब्रेक न वापरता क्लच आणि अ‍ॅक्सिलरेटरवर गाडी तोलून धरायचा. त्याला ते जमतंय याचा आनंद व्हायचा आणि मलाही कौतुक वाटायचं. एके दिवशी गाडीतून धूर आला. थंड झाल्यावर क्लच पुन्हा धरायला लागला, म्हणून आम्ही सोडून दिलं. पण तापून गेलेलं लायनिंग चकचकीत होतं, मग ते कमी ओझ्यावरही घसरतं. चार महिन्यांत प्लेट गेली. एकदा वास आला म्हणजे क्लच संपला असं नाही. तोच वास पुन्हा, साध्या रस्त्यावर आला तर मात्र दुरुस्ती पुढे ढकलू नये. मी ढकलली, त्यात फ्लायव्हीलही गेलं.

*

पाच महिने बंद उभी राहिलेली गाडी. इंजिन सुरू झालं, पेडल नेहमीसारखं, पण एकही गिअर पडेना. इंजिन बंद असताना सगळे गिअर व्यवस्थित. याचा अर्थ गिअरबॉक्स ठीक आणि क्लच अजिबात सुटत नाही. दमट हवेत प्लेट गंजून फ्लायव्हीलला चिकटली होती. मेकॅनिकने मोकळ्या मैदानात गाडी ढकलून नेली, पेडल दाबून ठेवून गिअरमध्येच इंजिन सुरू केलं आणि झटके देत ती सोडवली. स्वतः करू नका, गाडी एकदम पुढे उडी मारते. माझी त्यानंतर व्यवस्थित चालली. आता उभी ठेवायची असली तरी मी महिन्यातून दोनदा चालवून आणतो.

*

धागाकर्तीकडून: बंद इंजिनावर गिअर पडतात का, हे बघायला मला कोणी सांगितलंच नव्हतं. माझ्याही गाडीत पडले असते. दहा सेकंदांची तपासणी होती. सगळ्यांचे मनापासून आभार. १,१०,००० वाले, तुमचं काय झालं?

*

झालं ते सांगतो. आधी सपाट जागेवर चाचणी केली, इंजिन लगेच बंद पडलं. वरती वाचलं नसतं तर मी निश्चिंत झालो असतो. मग गाडी गरम झाल्यावर चढावर चौथ्या गिअरमध्ये पूर्ण पाय दिला. काटा सरळ वर गेला, वेग ४८ चा ४८ च. दुसऱ्या दिवशी गाडी कामाला दिली आणि उघडताना तिथे थांबलो. रिव्हेट लायनिंगच्या पातळीला आले होते, एका बाजूला फ्लायव्हीलवर बारीक चरे उमटायला सुरुवात झाली होती. फ्लायव्हील घासून घेतलं. ऑइल सील मी आठवणीने बघायला सांगितलं, ते कडेला ओलसर होतं, तेही बदललं. मेकॅनिकने पहिले काही शे किलोमीटर ओझं आणि जोराची रेस टाळायला सांगितलं आहे.

पेडल आता इतकं हलकं आहे की पहिले दोन दिवस गाडी सारखी बंद पडत होती. क्लच खालीच धरतोय आणि माझा पाय त्याला अजून वर शोधत होता.