'कॅरेक्टर अ‍ॅक्टर'ला मराठीत काय म्हणाल?

ओलीवाळू: पीट पोस्टलथ्वेटवर लेख लिहितेय. इंग्लंडमधल्या वॉरिंग्टनचा हा नट १९४६ साली जन्मला आणि २०११ मध्ये गेला. 'कॅरेक्टर अ‍ॅक्टर', म्हणजे नायकापेक्षा तऱ्हेतऱ्हेची ठसठशीत पात्रं रंगवणारा. लेखात त्याला 'चरित्र अभिनेता' म्हटलं, तर बाबांनी वाचता वाचता विचारलं, "कुणाचं चरित्र?" संपादकांनी ते बदलून 'सहाय्यक अभिनेता' केलंय. तेही पटत नाही. लिव्हरपूलच्या एव्हरीमन थिएटरात २००८ साली ज्यानं शेक्सपिअरचा राजा लिअर केला, तो कुणाचा सहाय्यक?

नेपथ्य: बाबांचं बरोबर आहे. हिंदीत 'चरित्र' म्हणजे पात्रही होतं, मराठीत होत नाही. आपल्याकडे चरित्र, चारित्र्य आणि पात्र हे तीन वेगळे शब्द आहेत, हा भेद घालवू नका. माझा शब्द 'व्यक्तिरेखाकार'. 'कॅरेक्टर'चं ग्रीक मूळ म्हणजे कोरलेली खूण, आणि आपल्या शब्दात 'रेखा' आहेच. दोन्ही भाषांना माणूस रेघेतच दिसला, हे मला फार आवडतं.

दौतटाक: व्युत्पत्ती सुंदर, पण बोलणार कोण? मी मालिकांच्या सेटवर काम केलंय. तिथं सगळे 'कॅरेक्टर रोल' म्हणतात आणि सगळ्यांना कळतं. रुळलेला शब्द आहे, तोच लिहा.

नेपथ्य: सेटवर कळतं, घरात नाही. 'त्याचं कॅरेक्टर ठीक नाही' म्हटल्यावर अभिनयाबद्दल बोलताय असं कोण समजेल?

तांबडफुटी: आमचे आजोबा गावच्या जत्रेतल्या नाटकात काम करायचे. राजापार्ट दुसऱ्याकडे, स्त्रीपार्ट तिसऱ्याकडे. आजोबांकडे प्रधान, म्हातारा बाप, कधी राक्षस. या सगळ्याला मिळून नाव नव्हतं. पण लोक म्हणायचे, "अण्णांचा प्रधान बघायला चाललोय." अमक्याचा तमका, ही षष्ठी हाच आपला मराठी शब्द, असं मला वाटतं. लेखात नाम कशाला हवं? 'पोस्टलथ्वेटचा हेक्सविल' लिहा.

ओलीवाळू: तांबडफुटी, हे अगदी लागू पडतं! 'शार्प' मालिकेतला त्याचा सार्जंट हेक्सविल बघताना अंगावर शहारा येतो, आणि 'इन द नेम ऑफ द फादर'मधला जुझेप्पे कॉनलन मायेनं भरलेला, खचत गेलेला बाप. मालिकेतले त्याचे भाग १९९४ चे, चित्रपट १९९३ चा. जेमतेम वर्षाचं अंतर आणि चेहरा तोच. जुझेप्पेसाठी त्याला ऑस्करचं नामांकन होतं, तेही 'सहाय्यक' गटात. आणि जुझेप्पे खराखुरा माणूस, निर्दोष असून तुरुंगवासातच १९८० मध्ये गेला. म्हणजे 'कुणाचं चरित्र' या प्रश्नाला इथं उत्तर आहे.

दौतटाक: पण 'ब्रास्ड ऑफ' या चित्रपटात तो मध्यवर्तीच आहे. खाण बंद पडायला आलेल्या यॉर्कशायरच्या गावातला बँडमास्तर. तिथं षष्ठी पुरेल, पण वर्ग कोणता सांगणार? कोशात नाम लागतंच.

नेपथ्य: म्हणूनच व्यक्तिरेखाकार.

पाणंद: मध्येच बोलते, पण आडनाव 'पोस्टलथ्वेट' लिहू नका. तो 'ट' उच्चारत नाहीत. पॉसलथ्वेट. आडनाव कंबरलँडकडचं, त्यातलं 'थ्वेट' म्हणजे झाडी तोडून मोकळी केलेली जमीन.

तांबडफुटी: मग ते आपल्या 'माळ'सारखं? की 'वाडी'?

पाणंद: माळ उघडाच असतो, तो कुणी तोडून केलेला नसतो. कोकणात 'कुमरी' म्हणतात ना, रान तोडून, जाळून नाचणी पेरतात ती जागा, त्याच्या जवळचं.

दौतटाक: कुमरी जागेला म्हणत नाहीत, शेतीच्या पद्धतीला म्हणतात.

पाणंद: आमच्याकडे जागेलाही म्हणतात. आजी म्हणायची, "कुमरीत जाऊन येते."

ओलीवाळू: मंडळी, लेख परवा द्यायचाय. 'ट' काढला. 'सहाय्यक'सुद्धा काढला. ती जागा अजून रिकामी आहे.

तांबडफुटी: कुमरी नक्की कुठल्या गावाकडे म्हणतात?