होस्ट्स फाइलमध्ये टाकूनही सॉफ्टवेअर नेटवर जातंय

भटका_कर्सर:
विंडोज ११ आहे. फोटो एडिटिंगचं एक सॉफ्टवेअर आहे, रीतसर विकत घेतलेलं, जुनं व्हर्जन मस्त चालतंय पण उघडलं की आधी नेटवर जाऊन अपडेट शोधत बसतं आणि तोवर विंडो अडकून राहते, सेटिंगमध्ये ते बंद करायची सोयच नाहीये. म्हणून होस्ट्स फाइलमध्ये (साइटचं नाव कुठल्या आयपी पत्त्यावर न्यायचं हे हाताने लिहायची विंडोजची फाइल) ०.०.०.० म्हणजे कुठेच न जाणाऱ्या पत्त्यापुढे त्यांच्या साइटचं नाव लिहिलं, पीसी रीस्टार्टही केला, तरी पठ्ठ्या अपडेट आणतोच. एनएसलुकअप (नावाचा आयपी दाखवणारी कमांड) केलं तर खरा आयपी येतोय. विंडोज ही फाइल वाचतच नाही का?

जुना_कीबोर्ड:
एनएसलुकअपवर जाऊ नका, ते होस्ट्स बघतच नाही, थेट डीएनएस सर्व्हरला, म्हणजे नावावरून आयपी सांगणाऱ्या नेटवरच्या सर्व्हरला विचारतं. कमांड प्रॉम्प्टमध्ये पिंग आणि साइटचं नाव टाकून बघा. नावापुढे चौकटी कंसात ०.०.०.० आलं तर फाइल वाचली जातेय. नाही आलं तर होस्ट्स जिथे असते त्या ईटीसी फोल्डरमध्ये फाइलचं पूर्ण नाव बघा, नोटपॅड गुपचूप मागे डॉट टीएक्सटी चिकटवतं. ओळीच्या सुरुवातीला हॅश राहिला असेल तरी ती ओळ धरली जात नाही.

भटका_कर्सर:
पिंगला ०.०.०.० येतंय. मग?

पिंगपाँग:
मग अपडेटचा सर्व्हर दुसऱ्याच नावावर असणार. होस्ट्समध्ये 'सगळी नावं' अशा अर्थाचा स्टार वगैरे चालत नाही, मुख्य साइट लिहिली म्हणून तिची सबडोमेन (मुख्य नावाआधी आणखी शब्द लागलेली नावं) बंद होत नाहीत, एकेक नाव हुडकत बसावं लागतं, आणि प्रोग्रामने थेट आयपी वापरला तर सगळंच मुसळ केरात. शिवाय तिथे लिहिलेलं अख्ख्या पीसीला लागू, ब्राउझरमध्येही ती साइट उघडणार नाही. एकाच सॉफ्टवेअरचं नेट तोडायचंय तर विंडोजचा फायरवॉल वापरा की राव, कुठल्या प्रोग्रामला नेट द्यायचं ते तोच ठरवतो. रनमध्ये डब्ल्यूएफ डॉट एमएससी, आउटबाउंड रूल्स (बाहेर जाणाऱ्या नेटचे नियम), न्यू रूल, प्रोग्राम, त्या सॉफ्टवेअरची ईएक्सई (प्रोग्रामची फाइल) दाखवा, ब्लॉक.

जुना_कीबोर्ड:
+१. फक्त रूल करायच्या आधी विंडोजच्याच रिसोर्स मॉनिटरच्या नेटवर्क टॅबमध्ये बघा नेटवर जाणारी ईएक्सई नक्की कुठली. बऱ्याचदा अपडेटर वेगळाच असतो आणि आपण भलत्यालाच ब्लॉक करतो.

भटका_कर्सर:
अगदी तसंच निघालं, अपडेटर प्रोग्रामडेटा फोल्डरमध्ये दडून बसला होता. मेन सॉफ्टवेअर आणि अपडेटर दोन्हींना रूल लावले, आता लगेच उघडतंय. होस्ट्समधली ओळ काढू ना?

पिंगपाँग:
काढा. लायसन्स तपासायला ते अधूनमधून नेट मागत असेल तर तेवढ्यापुरता मेन ईएक्सईचा रूल डिसेबल करा, डिलीट नको.