कुंग फू पिक्चरमध्ये एडिटर नेमकं करतो तरी काय?

रिकामटेकडा_०७:
परवा जॅकी चॅनचा 'पोलीस स्टोरी' (१९८५) कितव्यांदा तरी बघितला, यावेळी नावं पण नीट वाचली, तर एडिटिंग पीटर चेउंग. ओळखीचं वाटलं म्हणून शोधलं तर ब्रूस लीच्या 'फिस्ट ऑफ फ्युरी' आणि 'वे ऑफ द ड्रॅगन'ला (दोन्ही १९७२) हाच बाबा, आणि १९९४ च्या 'ड्रंकन मास्टर २'ला पण हाच!! म्हणजे बावीस वर्षं हाँगकाँगच्या मारामाऱ्या हा माणूस कापतोय आणि आपल्याला नावही माहीत नाही. पण मला कळत नाही की लाथ हिरो मारतो, बसवतो फाइट मास्टर, मग एडिटरने काय केलं, नुसतं चिकटवलं? विचारायचं कारण म्हणजे सध्या मी एका शॉर्टफिल्मची फाइट कापतोय आणि ठोसे अक्षरशः गाल कुरवाळल्यासारखे दिसतायत.

तुकडेजोड:
चिकटवलं म्हणालास ते अगदीच चूक नाही. हॉलिवूडमध्ये आख्खी फाइट लांबून घेतात, मग तीच दोन-तीन अँगलने, आणि एडिटर त्या ढिगातून निवडतो. हाँगकाँगवाले चार-पाच वार एका अँगलने घेणार, कॅमेरा उचलणार, पुढचे वार दुसरीकडून. फाइट मास्टरच्या डोक्यात कट आधीच ठरलेला, त्यामुळे एडिटरकडे निवडायला फारसं काही उरतच नाही. त्याचं खरं काम त्या जोडावरच्या दोन-तीन फ्रेममध्ये (फ्रेम म्हणजे फिल्मवरचं एक स्थिर चित्र). हे माझं वैयक्तिक मत.

फ्रेममोज्या:
+१, आणि त्या दोन-तीन फ्रेमचंच सांगतो. सेकंदाला २४ फ्रेम. लांबच्या शॉटमध्ये पाय छातीला लागला की कट, पण जवळचा शॉट लागलेल्या क्षणापासून सुरू करायचा नाही, दोन-तीन फ्रेम आधीपासून करायचा, म्हणजे शेवटचा वीतभर प्रवास दोनदा दिसतो, डोळ्याला ते कळत नाही पण लाथ जड वाटते. उलटा प्रकार पण आहे, लागायच्या आधीची एखादी फ्रेम काढूनच टाकायची, मग हात झटकन पोचतो. शिवाय शूटिंगलाच कॅमेरा २२ फ्रेमवर चालवायचे म्हणजे पडद्यावर सगळं थोडं पळतं. त्या काळी आवाज नंतर भरायचे त्यामुळे फ्रेम उडवली म्हणून ओठ जुळायचे वांधे नाहीत, आजच्या एडिटरला हे सुख नाही.
'पोलीस स्टोरी'तच बघ, मॉलमध्ये जॅकी दिव्यांच्या खांबावरून घसरतो ते लागोपाठ वेगवेगळ्या अँगलने परत परत दाखवलंय. ते लपवायचं नव्हतंच, जीव धोक्यात घालून मारलेली उडी एकदाच दाखवून कसं चालेल!

जुनाखोड:
एक सांगू का, प्रत्येक वेळी ठोसा स्वच्छ दिसलाच पाहिजे असं नाही. किंग हूचा 'अ टच ऑफ झेन' बघा, दिग्दर्शक स्वतःच कापायला बसायचा. बांबूच्या बनातली फाइट, माणसं ट्रॅम्पोलिनवरून उडतायत पण उडीचे तुकडे इतके छोटे, काही तर अर्ध्या सेकंदाहूनही कमी, की माणूस दिसेदिसेपर्यंत गायब. नीट दिसत नाही म्हणूनच तो अचाट वाटतो. १९७५ ला कान महोत्सवात तांत्रिक पुरस्कार मिळाला त्याला.
अवांतर: 'क्राउचिंग टायगर'च्या टिम स्क्वायर्सला एडिटिंगचं ऑस्कर नामांकन मिळालं होतं. हाँगकाँगच्या जुन्या एडिटर लोकांना असलं काही कुठलं नशिबात.

कोपऱ्यातली:
'वे ऑफ द ड्रॅगन'मधलं मांजर कोणालाच आठवलं नाही? कलोसियममध्ये ब्रूस ली आणि चक नॉरिस समोरासमोर आणि मध्येच मांजराच्या पिल्लाचा शॉट. पहिल्यांदा हसले होते मी. पण फाइटमधला तेवढा श्वास काढून टाकला ना, तर पुढचं सगळं सपाट होईल. सतत धपाधप कापणाऱ्यांना हे कोण सांगणार.

रिकामटेकडा_०७:
फ्रेममोज्या, दंडवत! रात्री बसून करून बघितलं, पाच फ्रेम मागे घेतल्या तर एकच ठोसा दोनदा बसतोय, मार खाणारा पण गोंधळल्यासारखा दिसतोय.

फ्रेममोज्या:
पाच कशाला रे, दोन ठेव. आणि आवाज पहिल्या शॉटवर नको, दुसऱ्यात हात लागतो तिथे टाक.

रिकामटेकडा_०७:
बसला!! आता मांजर शोधतो.