'द मॅजिक फ्लूट'मधील पुरोहितांची मिरवणूक नगारे-तुताऱ्यांविना इतकी भारदस्त का वाटते?

प्रश्न

नमस्कार. मी एका काल्पनिक राज्यावर नाटक लिहीत आहे आणि त्यात पुरोहितमंडळाची सभा भरण्यापूर्वीची एक मिरवणूक आहे. आमच्या संगीतकार मित्राने तिच्यासाठी तुताऱ्या, नगारे आणि सनई अशी रचना बांधली. ऐकायला ती उत्तम आहे; पण तालमीत वाजू लागली की पुरोहित सभेला निघाले आहेत असे न वाटता सैन्य लढाई जिंकून परतले आहे असे वाटते. याच सुमारास मोत्सार्टच्या 'द मॅजिक फ्लूट' या ऑपेरातील, दुसऱ्या अंकाच्या आरंभीची पुरोहितांच्या मिरवणुकीची रचना ऐकली. तीही कल्पित जगातलीच, आणि फार तर तीन-चार मिनिटांची. तरी ऐकताना मी नकळत सावरून बसलो. हा परिणाम वाद्यमेळाचा आहे, लयीचा आहे की आणखी कशाचा, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद १

तिच्यात काय वाजत नाही, तिकडे आधी लक्ष द्यावे. याच ऑपेराच्या सुरुवातीच्या वाद्यसंगीतात ट्रम्पेट आणि टिंपनी, म्हणजे तिकडच्या तुताऱ्या आणि नगारे, दोन्ही आहेत, म्हणजे ती वाद्ये हाताशी होती. तरीही मिरवणुकीत मोत्सार्टने ती घेतली नाहीत, सनईसारखा ओबोसुद्धा घेतला नाही. तंतुवाद्यांच्या जोडीला एक फ्लूट, दोन बॅसेट हॉर्न, दोन बसून, दोन हॉर्न आणि तीन ट्रॉम्बोन एवढीच वायुवाद्ये आहेत. बॅसेट हॉर्न हा क्लॅरिनेटचा खालच्या पट्टीतला भाऊबंद. त्याचा आवाज किंचित धुरकट, उबदार असतो. ट्रॉम्बोन त्या काळच्या व्हिएन्नात मुख्यतः चर्चमध्ये आणि रंगभूमीवर देवादिकांच्या किंवा परलोकाच्या प्रसंगी ऐकू येई, त्यामुळे तो वाजताच प्रेक्षकांना आपण पवित्र जागी आल्याचे जाणवत असणार. शिवाय एवढी वायुवाद्ये असूनही सारे दबल्या आवाजात चालते. ज्यांच्याकडे खरी सत्ता आहे त्यांना आवाज चढवावा लागत नाही, असे ते जग या रचनेतून आपल्याला सांगते, आणि म्हणूनच मला ती या ऑपेरातील सर्वांत गंभीर जागांपैकी एक वाटते.

प्रतिसाद २

वरील विवेचनाशी सहमत आहे, पण रचना ज्या दृश्यासाठी आहे ते डोळ्यांसमोर आणल्याशिवाय उत्तर पूर्ण होणार नाही. ऑपेराचा लेखक शिकानेडर याच्या संहितेतील रंगसूचनेनुसार रंगमंचावर ताडांचे वन आहे; झाडे चांदीची, पाने सोन्याची. पानांची १८ आसने मांडलेली आहेत आणि प्रत्येक आसनावर एक पिरॅमिड आणि सोन्याने मढवलेले एक मोठे काळे शिंग आहे. हातात ताडाची फांदी घेऊन पुरोहित गंभीर पावले टाकत येतात, ती ही मिरवणूक.

पुढे सभा सुरू होते, आणि पुरोहितांचा प्रमुख सारास्ट्रो याच्या बोलण्याला पुरोहित आपली संमती शब्दांत सांगत नाहीत, तर ती शिंगे तीनदा फुंकून देतात. वाद्यवृंदात त्या जागी वायुवाद्यांचे बी-फ्लॅट मेजर या स्वरपट्टीतील तिहेरी स्वरमेळ वाजतात. आता गंमत अशी की पडदा उघडण्यापूर्वीच्या वाद्यसंगीताच्या मध्यावर हेच स्वरमेळ आपण ऐकलेले असतात. तेव्हा त्यांचा अर्थ लागत नाही. सभेत तो लागतो, आणि हा विधी कथेच्या कितीतरी आधीपासून चालत आला आहे असे वाटू लागते. मोत्सार्ट डिसेंबर १७८४ मध्ये फ्रीमेसन, म्हणजे गुप्त विधी पाळणाऱ्या एका बंधुसंघाचा सदस्य, झाला होता आणि त्या मंडळींत तीन या संख्येला विशेष मान होता. पण ते ठाऊक नसलेल्या श्रोत्यालाही ही परंपरा जुनी वाटते, ही कामगिरी संगीताची आहे. तुमच्या नाटकातही सभेची खूण असलेला नाद पहिल्या अंकात कुठेतरी, कसलाही खुलासा न करता, एकदा ऐकवून ठेवावा असे मी सुचवेन.

प्रतिसाद ३

वाद्यांना दोष देऊ नये, एवढीच माझी विनंती आहे. देवळाच्या नगारखान्यात पहाटे वाजणारा चौघडा कोणत्याही विजयाची वर्दी देत नसतो. तेथे नगारा विधीचाच भाग असतो. अडचण द्रुत लयीची आणि सगळी वाद्ये एकदम वाजण्याची असावी. सनईच्या जोडीला नुसता सूर धरणारा वादक असतो. आधी तो एकटाच सूर ठेवून पाहावा, आणि एकाच नगाऱ्यावर, कापड टाकून, पावलागणिक एक ठोका द्यावा.

मोत्सार्टने ही रचना आपल्या रचनांच्या यादीत २८ सप्टेंबर १७९१ रोजी, म्हणजे पहिल्या प्रयोगाच्या अवघे दोन दिवस आधी नोंदवली. त्यानंतर ऑक्टोबरमध्ये पत्नीला लिहिलेल्या पत्रात त्याने या ऑपेराला मिळणाऱ्या मूक पसंतीचा आनंद सर्वाधिक असल्याचे कळवले आहे. टाळ्या पडत असूनही ज्याचे लक्ष प्रेक्षकांच्या शांततेकडे होते, त्याला मिरवणुकीत ट्रम्पेटची गरज वाटली नाही, यात मला नवल वाटत नाही.

प्रश्नकर्ता

सर्वांचे मनःपूर्वक आभार. काल तालमीत तुताऱ्या बाजूला ठेवल्या आणि केवळ सूर व कापड टाकलेला नगारा एवढ्यावर मिरवणूक काढली. मी काही न सांगता नटांची पावले मंदावली, आणि शेवटचा पुरोहित आसनापाशी पोहोचेपर्यंत विंगेतली मंडळीही बोलायची थांबली. संमतीसाठी तुताऱ्याच ठेवाव्यात, म्हणजे संपूर्ण प्रवेशात त्या केवळ तीनदा वाजतील, असे आता मनात आहे. त्या नटांनी स्वतः फुंकाव्यात की विंगेतून वाजवाव्यात?

प्रतिसाद २

शक्य असल्यास नटांनीच फुंकाव्यात. सूर थोडा इकडेतिकडे झाला तरी चालेल. पुरोहितांनी त्यासाठी घेतलेला श्वास प्रेक्षकांना दिसला पाहिजे.