मदत हवी आहे: 'सिम्स ४'च्या जुन्या घराण्यात 'गेट फेमस' घालावे का?

नमस्कार.

'द सिम्स ४' हा घरसंसाराचा संगणकीय खेळ खेळणाऱ्यांपैकी ज्यांनी 'गेट फेमस' हा त्याचा एक्स्पान्शन पॅक (मूळ खेळाला जोडायची भर) घेतला आहे, आणि तोही नव्या खेळात नव्हे तर आधीपासून चालत आलेल्या सेव्हमध्ये (जतन केलेल्या खेळात) घालून पाहिला आहे, अशांकडून मार्गदर्शन हवे आहे. पॅक चांगला की वाईट, हा वाद इथे नको. त्यावर पुष्कळ लिहून झाले आहे. माझी अडचण नेमकी अशी की, घराण्यातल्या एकाच मुलीला अभिनेत्री करायचे असेल, तर बाकीचे घर आणि गाव प्रसिद्धीच्या फेऱ्यात न ओढता तसे खेळता येते का, आणि येत असेल तर कसे.

माझे घराणे खेळातल्या विलो क्रीक या गावात राहते. नव्या सिमला (खेळातल्या माणसाला) खेळ सुरुवातीला जे २०,००० सिमोलियन (तिथले चलन) देतो, त्यांवर एका तरुण सिमने रिकामी जागा घेऊन चार भिंती उभ्या केल्या आणि तिथून पुढे पैशाची एकही चीट न वापरता हे घर चालत आले आहे. आजी चित्रे काढते, तिचा मुलगा बागेतला माल विकतो आणि जमेल तेव्हा मासे धरतो, सून पुस्तके लिहिते, आणि नात नुकतीच वयात आली आहे. या खेळाची गोडी माझ्यापुरती हीच आहे की त्यात फारसे काही घडत नाही. स्वयंपाक होतो, बिल येते, नळ गळतो, कोणीतरी म्हातारे होऊन जाते. विल राइट यांनी २००० साली पहिला 'सिम्स' आणला, तेव्हापासून मालिकेचा पाया हाच राहिला आहे, आणि मूळ 'सिम्स ४' ऑक्टोबर २०२२ पासून फुकट झाल्यावर जे नवे खेळाडू आले, त्यांनाही पहिल्यांदा हाच खेळ भेटतो.

हा पॅक नोव्हेंबर २०१८ मध्ये आला. माझ्या मामेबहिणीकडे तो आहे आणि तिच्या संगणकावर मी तो बराच खेळले आहे, त्यामुळे पुढचे सारे हातचे निरीक्षण आहे. त्यासोबत येणारे डेल सोल व्हॅली हे गाव सरळसरळ लॉस एंजेलिसवरून बेतलेले आहे. डोंगरावर गावाच्या नावाची पाटी आहे, खाली मिराज पार्कची साधी वस्ती आहे, मध्ये स्टारलाइट बुलेव्हार्डचा झगमगाट आहे आणि वर द पिनॅकल्समध्ये श्रीमंतांचे बंगले आहेत. (मुंबईची चित्रपटसृष्टी डोळ्यांसमोर ठेवून कोणी गेलेच, तर इथे आडनावाच्या बळावर पहिली भूमिका मिळत नाही, हे पाहून गंमत वाटेल.) अभिनयाचे करिअर तर मला मनापासून आवडले. आधी एजन्सी निवडायची, ऑडिशन द्यायची, भूमिकेला लागेल ते कौशल्य घरी बसून वाढवायचे, आणि चित्रीकरणाच्या दिवशी प्लमबॉब पिक्चर्सच्या आवारात सिमसोबत आपणही जायचे. तिथे केस आणि मेकअप उरकून, पोशाख बदलून, सहकलाकाराबरोबर संवादांची तालीम केली की मग प्रत्येक प्रसंग बेताने करायचा की जोखीम पत्करून रंगवायचा, हे ठरवावे लागते. जोखीम फसली तर सारा सेट बघत असतो. २०१५ च्या 'गेट टू वर्क' या पॅकमधल्या डॉक्टर किंवा गुप्तहेराच्या नोकरीत हजेरीचे वेळापत्रक ठरलेले होते. इथे काम मिळेल तेव्हा जायचे, हे मला अधिक खरे वाटले.

नातीला इथवर आणायला माझी काहीच हरकत नाही. घोडे अडते ते पुढे. पॅक घातला की प्रसिद्धी ही अभिनयापुरती उरत नाही. 'नोटेबल न्यूकमर'पासून 'ग्लोबल सुपरस्टार'पर्यंत पाच स्टारची ही शिडी चित्रकला, लेखन, संगीत अशा कितीतरी कौशल्यांना लावलेली आहे, आणि हात चांगला बसलेल्या माणसाचे काम त्यात आपोआप मोजले जाते. म्हणजे जी आजी आजवर खिडकीपाशी इझल लावून चित्र पुरे करत होती आणि ते विकून वीजबिल भरत होती, तिचेच तेच चित्र आता तिला प्रसिद्धीकडे ढकलणार. तिने काहीही वेगळे केलेले नाही. खेळाने फक्त तिच्या कामाकडे पाहणारे लोक निर्माण केले आहेत. पॅकमधला सगळ्यांत मोठा बदल मला हाच वाटतो, आणि सोन्याचा कमोड, तिजोरी वगैरे वस्तूंच्या कौतुकात त्याबद्दल फार कमी बोलले जाते.

त्यातच प्रसिद्ध सिमला जडणाऱ्या खोडी आहेत. मामेबहिणीच्या नायिकेला 'रिफाइन्ड पॅलेट' जडली होती. नवऱ्याने रांधलेले साधे जेवण तिने ताटात घेतले, दोन घास खाल्ले आणि तिची मनःस्थिती लगेच बिघडली; मुले तिच्यासमोर तेच जेवण आनंदाने जेवत होती. एखाद्याला 'नो टचिंग' जडली, तर मिठी मारायला आलेल्या माणसावरही तो चिडतो. कुणाचा फोन नंबर फुटतो, कुणाच्या मागे एकच वेडा चाहता लागतो, कुणाच्या दारात पापाराझी ठाण मांडतात. नाट्य म्हणून हे फर्मास आहे, पण ज्या घरात तीन पिढ्या एका टेबलाशी जेवतात, तिथे एका माणसाची खोड ही सगळ्यांची संध्याकाळ असते. शिवाय मोठ्या भूमिकेचे मानधन हजारो सिमोलियनांत जाते, म्हणजे काटकसरीचा उरलासुरला ताणही संपला.

या मालिकेत प्रसिद्धीचा प्रयोग नवा नाही. २००३ मध्ये पहिल्या 'सिम्स'साठी 'सुपरस्टार' येऊन गेले आणि २०१० मध्ये 'सिम्स ३'साठी 'लेट नाइट' आले. 'लेट नाइट'मध्ये नामवंतांशी ओळख वाढवली की आपला सिमही नामवंत होई, त्यामुळे ओळखी टाळल्या की बचाव होत असे. इथे प्रसिद्धी कामातून येते, आणि आजीला चित्रे काढू नकोस असे कसे सांगायचे? नावलौकिकाचा म्हणजे रेप्युटेशनचा मुद्दा निराळा आहे. चांगल्यावाईट वागण्याची गावाने नोंद ठेवावी, हे मला उलट पटते.

तेव्हा जाणकारांनी कृपया सांगावे: प्रसिद्धी एका सिमपुरती ठेवण्यासाठी आपण खेळण्याची काय पद्धत बसवली? आणि पॅक घालून पाहिल्यावर तो पटला नाही, तर जुना सेव्ह धक्का न लागता परत मिळवता येतो का? मॉड (इतर खेळाडूंनी बनवलेले फेरफार) वापरण्याची माझी तयारी नाही, कारण प्रत्येक अपडेटनंतर ते तपासत बसणे मला जमणार नाही.

प्रतिसाद

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण ते आधी करायचे आहे. पॅक बसवण्यापूर्वी डॉक्युमेंट्समधल्या इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या फोल्डरात 'द सिम्स ४'चे जे फोल्डर आहे, त्यातले 'सेव्हज' पूर्णच्या पूर्ण दुसरीकडे उतरवून ठेवा. पॅक घातल्यावर पहिल्यांदा खेळ उघडाल तेव्हा 'सेव्ह ॲज' करून वेगळे नाव द्या आणि फक्त त्याच प्रतीत प्रयोग करा. संगणकावर पॅक तात्पुरता बंदही ठेवता येतो. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या ईए ॲपमध्ये खेळाच्या लाँच ऑप्शनमध्ये 'डिसेबलपॅक्स' ही आज्ञा देऊन पुढे या पॅकचा क्रमांक, म्हणजे ईपी०६, लिहायचा. पण एक ध्यानात ठेवा. पॅक बंद असताना एखादा सेव्ह उघडून तो तसाच जतन केलात, तर त्या पॅकमधल्या वस्तू त्या घरांतून जातात. खेळ आधी सूचना देतो, ती घाईत पुढे ढकलू नये.

आता आजींकडे वळू. आपण प्रसिद्धीकडे कायमचा डाग म्हणून पाहत आहात, पण ती टिकवावी लागते, आणि लक्ष दिले नाही तर ओसरते. 'अनस्टॉपेबल फेम' हे पर्क (प्रसिद्ध सिमला घेता येणारी खास सवलत) घेतले तरच तिची घसरण थांबते. ते आजींसाठी घेऊ नका, म्हणजे झाले. हातून उत्तम चित्रे उतरत राहिली तर अधूनमधून एखादा स्टार येईल, मध्ये काही काळ बागकाम केले की तो उतरणीला लागेल. माझ्या खेळातली एक लेखिका असेच वर-खाली करत म्हातारी झाली, आणि खरे सांगायचे तर तिची गोष्ट मला माझ्या पाच स्टारच्या गायकापेक्षा जास्त रंगलेली वाटते.

नातीचे मात्र आपण म्हणता तसे होणार नाही. प्रत्येक चित्रीकरणातून प्रसिद्धी मिळतेच, आणि स्टार वाढले की खोडीही मागे येतात. माझ्या मते तिला घरात ठेवूच नये. डेल सोल व्हॅलीत, मिराज पार्कसारख्या वस्तीत, तिचे स्वतंत्र बिऱ्हाड करून द्यावे आणि दोन्ही घरे आलटून पालटून खेळावीत. मानधन तिच्या घरात राहील, विलो क्रीकची काटकसर अबाधित राहील, आणि पापाराझी ती जिथे असेल तिथे जमतील. दिवाळीला घरी यावी तशी ती सुटीला आली, तर फार तर तेवढा दिवस दाराशी गर्दी होईल. अभिनयात ऑडिशन आपण मागू तेव्हाच असल्याने तिला अधूनमधून रिकामे ठेवणेही सोपे आहे.

धागाकर्तीचा प्रतिसाद

मनापासून आभार. स्वतंत्र बिऱ्हाडाचा मार्ग पटला. लग्नाआधी मुलीने घर सोडावे, यावर आजीचे मत खेळात विचारले जात नाही, हे बरेच आहे. 'सेव्हज'ची प्रत आजच दुसऱ्या ड्राइव्हवर उतरवते.

एक शंका उरते. ज्युडिथ वॉर्डसारखी जी नामवंत मंडळी पॅकसोबत तयार येतात, ती आपले गाव सोडून इतरत्रही उगवतात. मामेबहिणीकडे ही बाई विलो क्रीकच्या जिममध्ये व्यायाम करताना दिसली, आणि बाकीचे लोक आपला व्यायाम टाकून तिच्याभोवती जमले. माझ्या गावात हे टाळायचे असेल तर काय करावे?

प्रतिसाद

'मॅनेज हाउसहोल्ड्स'मध्ये जाऊन ते कुटुंब सेव्हमधून काढून टाकता येते. पण नात अभिनय करणार असेल तर लगेच काढू नका असे सुचवेन. तिच्यापेक्षा वरच्या पायरीवरची माणसे आधीपासून गावात असली, की तिच्या पहिल्या दोन स्टारांना अर्थ येतो. आपल्याहून मोठ्या नावाच्या माणसाने दाद न देणे हा त्या पायरीवरचा अर्धा खेळ आहे. ती पुढे गेली की ज्युडिथबाईंचे काय करायचे ते ठरवा. तोवर जिममधली गर्दी खटकलीच, तर घरच्यांना व्यायामाला पहाटे पाठवून बघा.